लॅनवर संगणकीय परीक्षा: पहिल्यांदाच जबाबदारी आलेल्यांसाठी

पुण्यातील एखाद्या महाविद्यालयात अंतर्गत परीक्षा संगणकावर घ्यायचे ठरले, की ते काम बहुधा विभागात सर्वांत अलीकडे रुजू झालेल्या प्राध्यापकाकडे येते आणि सोबत "सॉफ्टवेअर टाकले की झाले" असा दिलासाही मिळतो. सॉफ्टवेअर टाकणे हा या कामातील सर्वांत सोपा भाग आहे. जाळे (म्हणजे लॅन, एकाच ठिकाणच्या संगणकांना जोडणारे स्थानिक जाळे), सर्व्हर (प्रश्न आणि उत्तरे साठवणारा मुख्य संगणक), प्रश्न, पासवर्ड, वीज आणि माणसे यांची घडी आधी बसवावी लागते. ती कोणत्या क्रमाने बसवावी आणि नवख्याची फसगत कुठे होते, हे सांगण्यासाठी हा लेख आहे. तो तीस ते साठ संगणकांची एक प्रयोगशाळा आणि महाविद्यालयाची स्वतःची परीक्षा एवढ्याच आवाक्यासाठी आहे; नोकरभरतीच्या किंवा राज्यपातळीवरील परीक्षांचे नियम आणि कायदे वेगळे असतात.

उदाहरणांसाठी मी मूडल आणि सेफ एक्झाम ब्राउझर ही जोडी घेतली आहे. मूडल हे सर्व्हरवर बसून प्रश्न, परीक्षा आणि गुण सांभाळणारे सॉफ्टवेअर आहे; सेफ एक्झाम ब्राउझर हा परीक्षार्थीच्या यंत्रावर चालणारा बंदिस्त ब्राउझर आहे. मूडलची पहिली आवृत्ती २००२ साली आली. सेफ एक्झाम ब्राउझर झ्युरिक येथील ईटीएच या विद्यापीठात विकसित झाला. दोन्ही विनामूल्य आणि मुक्तस्रोत आहेत, आणि २०२० मधील ३.९ या आवृत्तीपासून मूडलमध्ये या ब्राउझरचा आधार मुळातच आहे. तुमच्या संस्थेने दुसरे सॉफ्टवेअर घेतले असेल तर पर्यायांची नावे बदलतील, पायऱ्या फारशा बदलणार नाहीत.

१. कोणाकडे काय राहील, हे आधी कागदावर ठरवा

बंदिस्त ब्राउझर परीक्षार्थीला दुसरी खिडकी उघडू देत नाही, एवढेच त्याचे काम. प्रश्नपत्रिका मात्र परीक्षेच्या आधी फुटते आणि गुण परीक्षेनंतर बदलले जातात, आणि त्या दोन्ही वेळी परीक्षार्थी संगणकासमोर बसलेलाही नसतो. २०२१ च्या अखेरीस पुणे पोलिसांनी तपासलेली आरोग्य विभागाच्या भरतीची आणि शिक्षक पात्रता परीक्षेची प्रकरणे आठवा. एकात प्रश्नपत्रिका आधीच बाहेर गेल्याचा आरोप होता, दुसऱ्यात निकालातील गुण फिरवल्याचा. दोन्हींत संशयाची सुई यंत्रणेच्या आतल्या माणसांकडे वळली. आपली परीक्षा वीस गुणांची असली तरी धोक्याची जागा तीच असते.

म्हणून पहिल्या बैठकीत, सॉफ्टवेअरचा विषय निघण्यापूर्वीच, पुढील गोष्टी लेखी ठरवून प्राचार्यांची किंवा परीक्षा अधिकाऱ्यांची सही घ्यावी. प्रश्न तयार करणाऱ्याकडे सर्व्हरच्या मुख्य प्रशासकाचा पासवर्ड नसावा. सर्व्हर सांभाळणाऱ्याने प्रश्नपेढीत कधी प्रवेश केला, हे नोंदीत दिसावे. प्रयोगशाळा सहायकाकडे परीक्षार्थींच्या यंत्रांचा प्रशासक पासवर्ड असेल, पण सर्व्हरचा नाही. सेफ एक्झाम ब्राउझर बंद करण्याचा पासवर्ड परीक्षेच्या दिवशी मोहोरबंद पाकिटातून फक्त केंद्रप्रमुखांना मिळावा. लहान महाविद्यालयात माणसे कमी असतात आणि ही सगळी कामे एकाच व्यक्तीकडे येतात, हे मला ठाऊक आहे. तरीही प्रश्न आणि सर्व्हर एवढ्या दोन गोष्टी दोन माणसांत वाटल्याच पाहिजेत, त्यासाठी दुसऱ्या विभागातून माणूस मागून आणावा लागला तरी चालेल.

२. साहित्य आणि कागदपत्रे

यंत्रसामग्रीत लागतात ते सर्व्हरसाठी एसएसडी असलेले एक बरे यंत्र (मूडलसाठी एक जीबी मेमरीमागे दहा ते वीस एकाचवेळचे वापरकर्ते, हा ढोबळ हिशेब धरावा), तशाच मांडणीचे दुसरे राखीव यंत्र, पुरेशा पोर्टचा गिगाबिट स्विच (सर्व संगणकांच्या केबल एकत्र जोडणारे उपकरण), कॅट-६ केबल, सर्व्हर व स्विचसाठी यूपीएस, दोन नव्या पेन ड्राइव्ह, दर दहा संगणकांमागे एक जादा संगणक आणि थोडे जादा माउस व कीबोर्ड. माउस हमखास बिघडतात. केबल, कनेक्टर, क्रिंपिंगचे साहित्य आणि सीआर २०३२ बॅटऱ्या तपकीर गल्लीत एका फेरीत मिळतात. बॅटऱ्या कशासाठी, ते पुढे येईल.

कागदपत्रांत परीक्षार्थींची आसनक्रमांकासह यादी, हजेरीपत्रक, आसनव्यवस्थेचा नकाशा (कोणता आसनक्रमांक कोणत्या संगणकावर), प्रत्येकाच्या लॉगिनची चिठ्ठी, पर्यवेक्षकांसाठी एक पानी सूचना, घटना नोंदवही आणि ऐनवेळी संगणकीय परीक्षा रद्द करावी लागल्यास काय करायचे याचा लेखी निर्णय असावा. हा शेवटचा कागद कोणी करत नाही आणि नेमका तोच लागतो.

३. जाळे वेगळे करा

परीक्षेचे जाळे इंटरनेटपासून आणि महाविद्यालयाच्या इतर जाळ्यापासून खरोखर तुटलेले असले पाहिजे. सर्वांत खात्रीचा उपाय म्हणजे प्रयोगशाळेच्या स्विचला येणारी बाहेरची केबल हाताने काढणे. फायरवॉलमध्ये नियम लिहिणे किंवा व्हीलॅन (त्याच स्विचवर मांडणीने वेगळे पाडलेले जाळे) करणेही योग्यच आहे, पण नियम चुकीचा लिहिला गेल्यास ते कोणाच्या लक्षात येत नाही, तर काढलेली केबल सर्वांना दिसते.

सर्व संगणकांना खासगी पट्ट्यातील ठरावीक आयपी पत्ते (जाळ्यात यंत्र ओळखण्याचे क्रमांक) द्या. उदाहरणार्थ, सर्व्हरला १९२.१६८.१०.२ आणि परीक्षार्थींच्या यंत्रांना १९२.१६८.१०.११ पासून पुढे, यंत्रावर चिकटवलेल्या क्रमांकाशी जुळतील असे. (प्रत्यक्ष टंकताना अंक इंग्रजी हवेत.) पत्ता आणि यंत्राचा क्रमांक जुळत असेल तर नोंदी तपासताना "हा प्रयत्न कोणत्या खुर्चीवरून झाला" याचे उत्तर शोधावे लागत नाही (एका परीक्षार्थीने एकदा सोडवलेल्या परीक्षेला मूडल "प्रयत्न" म्हणते). गेटवेचा, म्हणजे बाहेरच्या जाळ्याकडे नेणाऱ्या पत्त्याचा, रकाना रिकामा ठेवा. मग चुकून कोणी राउटरची केबल जोडली तरी त्या यंत्राला बाहेरची वाट सापडणार नाही.

येथे तीन सापळे आहेत. पहिला वाय-फायचा. केबल जोडलेली असूनही लॅपटॉप, किंवा वाय-फाय कार्ड असलेला संगणक, ओळखीच्या दुसऱ्या जाळ्याला आपोआप जोडला जातो, आणि परीक्षार्थीच्या खिशातला मोबाइल हॉटस्पॉट हेही ओळखीचेच जाळे असते. म्हणून वाय-फाय आणि ब्लूटूथ बायोसमधून (यंत्र सुरू होतानाच्या मूळ मांडणीतून) बंद करावे, आणि बायोसला पासवर्ड घालून पेन ड्राइव्हवरून यंत्र सुरू होण्याची सोयही काढून टाकावी. दुसरा सापळा जुन्या केबलचा. तांब्याच्या एका सलग जोडणीची मर्यादा १०० मीटर आहे, आणि शेजारच्या इमारतीतील सर्व्हर खोलीपासून प्रयोगशाळेपर्यंत ती सहज ओलांडली जाते. सर्व्हर सरळ प्रयोगशाळेत, कुलूपबंद कपाटाशेजारी आणावा. तिसरा सापळा म्हणजे एका वाय-फाय उपकरणावर चाळीस लॅपटॉप बसवण्याचा मोह. तालमीत दहा जणांवर ते छान चालते. चाळीस जण एकदम लॉगिन करतात तेव्हा चालत नाही.

४. सर्व्हर उभा करताना

मूडल बसवण्याची कृती सर्वत्र उपलब्ध आहे, ती येथे देत नाही. लॅनवर चालवताना ज्या गोष्टी अडतात तेवढ्याच सांगतो.

मूडलच्या कॉन्फिग फाइलमध्ये संकेतस्थळाचा पत्ता लिहिलेला असतो. बसवताना सर्व्हरला एक आयपी होता आणि परीक्षेच्या जाळ्यात आणल्यावर दुसरा मिळाला, तर पान उघडते न उघडते तोच ब्राउझर जुन्या पत्त्याकडे वळतो आणि काहीच दिसत नाही. म्हणून सर्व्हरचा अंतिम पत्ता आधी ठरवावा आणि मगच मूडल बसवावे.

गणिताची सूत्रे दाखवणारी मॅथजॅक्स ही सोय मूडल मूळ मांडणीत इंटरनेटवरून ओढून घेते. घरी किंवा विभागात तपासताना सूत्रे नीट दिसतात, कारण तेथे इंटरनेट असते. परीक्षेच्या खोलीत मात्र परीक्षार्थीला डॉलर आणि उलट्या तिरक्या रेघांची रांगोळी दिसते. मॅथजॅक्स सर्व्हरवरच उतरवून ठेवावे आणि त्या फिल्टरच्या मांडणीत स्थानिक पत्ता द्यावा, नाहीतर सूत्रे चित्ररूपात घालावीत. प्रश्नांत बाहेरून ओढलेली चित्रे, व्हिडिओ किंवा फाँट असतील तर त्यांचीही हीच गत होते.

क्रॉन, म्हणजे ठरावीक वेळाने आपोआप चालणारे काम, दर मिनिटाला चालू असल्याची खात्री करा. वेळ संपल्यावर, विशेषतः ज्याचे यंत्र मध्येच बंद पडले त्याचा प्रयत्न, जमा करून घेण्याचे काम त्यावर अवलंबून असते.

जाळे तुटलेले आहे म्हणून एचटीटीपीएस (ब्राउझर आणि सर्व्हर यांच्यातील सांकेतिक, सुरक्षित जोडणी) नको, असा एक समज आहे. तो चुकीचा आहे, कारण त्याच जाळ्यावर चाळीस हुशार मुले बसलेली असतात आणि साध्या जोडणीवरून पासवर्ड उघडे वाहतात. त्यासाठी लागणारे, सर्व्हरची ओळख पटवणारे प्रमाणपत्र स्वतः तयार केलेले वापरता येते. ते सेफ एक्झाम ब्राउझरच्या मांडणीत अंतर्भूत करावे, म्हणजे प्रत्येक यंत्रावर इशाऱ्याचे पान येणार नाही.

आता त्या बॅटऱ्या. जुन्या संगणकाच्या मदरबोर्डवरील बॅटरी संपलेली असते आणि वीज गेली की त्याचे घड्याळ मागे जाते. एरवी इंटरनेटवरून वेळ दुरुस्त होते, तुटलेल्या जाळ्यात होत नाही. तारीख काही वर्षे मागे गेलेल्या यंत्राला सर्व्हरचे प्रमाणपत्र "अजून वैध झालेले नाही" असे वाटते आणि पान उघडत नाही. सर्व यंत्रांच्या तारखा आदल्या दिवशी पाहाव्यात, आणि सर्व्हरवर वेळेची सेवा चालवून यंत्रांना त्याच्याशी जुळवून घ्यावे. परीक्षेची वेळ सर्व्हरच्या घड्याळावर मोजली जाते, तेव्हा भिंतीवरचे घड्याळही त्याच्याशीच मिळवावे. वादावादी बरीच टळते.

५. प्रश्न आणि मराठी मजकूर

मराठी माध्यमाचे किंवा मराठी विषयाचे प्रश्न घालताना सर्वाधिक वेळ येथे जातो. अनेक प्राध्यापकांकडील जुन्या प्रश्नपत्रिका श्रीलिपीसारख्या बिगर-युनिकोड फाँटमध्ये असतात (युनिकोड म्हणजे सर्व संगणकांना कळणारी अक्षरांची प्रमाण पद्धत). श्रीलिपी पुण्याच्याच मॉड्युलर इन्फोटेकची, त्यामुळे आपल्याकडे तिचा साठा मोठा आहे. असा मजकूर मूडलमध्ये चिकटवला की निरर्थक चिन्हे उमटतात. परिवर्तक वापरून तो युनिकोडमध्ये आणता येतो, पण जोडाक्षरे, रफार आणि ऱ्हस्व वेलांटी परिवर्तनानंतर डोळ्यांनी तपासावीच लागतात. "कर्म" आणि "क्रम" यांची अदलाबदल झालेला प्रश्न व्याकरणाच्या परीक्षेत काय गोंधळ घालेल, हे सांगायला नको.

बहुपर्यायी प्रश्न एकगठ्ठा भरायचे असतील तर एकेन किंवा गिफ्ट या साध्या मजकुराच्या पद्धती सोयीच्या आहेत. फाइल यूटीएफ-८ मध्ये जतन करावी, नाहीतर मराठीच्या जागी प्रश्नचिन्हे येतात. परीक्षार्थींना मराठीत उत्तर टंकायचे असेल तर इनस्क्रिप्ट कळफलक सर्व यंत्रांवर आधीच चालू करून ठेवा. काही कळफलकांवर देवनागरी अंक उमटतात आणि मूडलचा अंकी उत्तराचा प्रश्न ते संख्या म्हणून स्वीकारत नाही. अशा प्रश्नांच्या मजकुरातच "उत्तर इंग्रजी अंकांत लिहा" अशी सूचना घालावी.

प्रश्नपेढी घटकानुसार आणि काठिण्यानुसार वेगवेगळ्या वर्गांत ठेवा आणि प्रत्येक वर्गातून यादृच्छिक प्रश्न उचलण्याची मांडणी करा. सगळे प्रश्न एकाच ढिगात टाकले तर एका विद्यार्थ्याच्या वाट्याला सगळे सोपे आणि शेजाऱ्याच्या वाट्याला सगळे अवघड, असे होऊ शकते, आणि मग येणाऱ्या तक्रारीला आपल्याकडे उत्तर नसते.

६. परीक्षेची मांडणी

या पायरीवर चार पर्याय नीट पाहावेत.

आयपीची अट: मूडलमध्ये जाळ्याच्या पत्त्याची अट घालता येते. पूर्ण पट्टा मोकळा न सोडता १९२.१६८.१०.११-६० अशी नेमकी मर्यादा द्यावी.

निकाल दाखवण्याचे पर्याय: मूळ मांडणीत परीक्षार्थीला जमा केल्यावर लगेच बरोबर उत्तरे दिसू शकतात. पहिली तुकडी बाहेर पडून चहाच्या टपरीवर पोचते तोवर दुसऱ्या तुकडीला उत्तरे कळलेली असतात. सर्व तुकड्या संपेपर्यंत या पर्यायांपुढील सगळे खुणेचे चौकोन रिकामे ठेवा. या लेखातील एकच सूचना लक्षात ठेवायची असेल, तर ही ठेवावी.

वेळ संपल्यावर: उत्तरे आपोआप जमा होतील असा पर्याय निवडा. परीक्षेदरम्यान उत्तरे आपोआप जतन होण्याचा मूळ अवधी एक मिनिट आहे, तो तसाच राहू द्यावा.

जादा वेळ: केंद्र सरकारच्या मार्गदर्शक सूचनांनुसार लेखनिकाची मुभा असलेल्या दिव्यांग परीक्षार्थींना तासाला किमान २० मिनिटे भरपाई वेळ द्यायची असते. दीड तासाच्या परीक्षेला ती ३० मिनिटे होते. ती वापरकर्तानिहाय सवलतीत आधीच भरावी. परीक्षा चालू असताना धावपळ करू नये. त्या खोलीतील पुढच्या तुकडीचे वेळापत्रकही त्याप्रमाणे सरकवा, म्हणजे हक्काच्या वेळेत कोणी दारात येऊन घाई करणार नाही.

एकाच खात्यावरून दोन ठिकाणी लॉगिन होऊ नये म्हणून समकालीन लॉगिनची मर्यादा एकवर आणावी. मात्र नवे लॉगिन झाले की जुने बाद होते, हे पर्यवेक्षकांना सांगून ठेवा; एखादा विद्यार्थी "मला अचानक बाहेर काढले" म्हणाला तर त्याच्या चिठ्ठीवरील पासवर्ड दुसऱ्याने वापरला असण्याची शक्यता असते.

७. सेफ एक्झाम ब्राउझर

हा ब्राउझर विंडोज, मॅक आणि आयपॅडवर चालतो. लिनक्सवर चालत नाही. अभियांत्रिकी महाविद्यालयांतील बऱ्याच प्रयोगशाळा उबुंटूवर असतात, तेव्हा खोली ठरवण्यापूर्वी हे पाहावे. आभासी यंत्रातही (संगणकाच्या आत सॉफ्टवेअरने उभ्या केलेल्या दुसऱ्या संगणकात) तो मूळ मांडणीत सुरू होण्यास नकार देतो, आणि तो नकार योग्यच आहे.

मूडलमधील परीक्षेच्या मांडणीत "सेफ एक्झाम ब्राउझर आवश्यक" हा पर्याय निवडून मांडणी तेथेच करता येते. त्यात बाहेर पडण्याचा पासवर्ड घालायला विसरू नका. तो नसेल तर परीक्षार्थी हवे तेव्हा बाहेर पडू शकतो. परीक्षार्थी ठरवलेल्या मांडणीचाच ब्राउझर वापरतो आहे ना, हे मूडल दोन प्रकारच्या खुणांवरून तपासू शकते: कॉन्फिग की आणि ब्राउझर एक्झाम की. या दोहोंत नवखे गोंधळतात. कॉन्फिग की केवळ मांडणीवर ठरते, ब्राउझर एक्झाम की मांडणीखेरीज सॉफ्टवेअरच्या आवृत्तीवरही ठरते. प्रयोगशाळेत दोन यंत्रांवर दोन आवृत्त्या असतील तर दुसऱ्या प्रकारात अर्धी यंत्रे नाकारली जातात. सर्व यंत्रांवर एकच आवृत्ती टाका आणि सुरुवातीला कॉन्फिग कीवरच समाधान माना. मराठी टंकलेखन असेल तर कळफलकाची भाषा दाखवण्याचा पर्याय चालू ठेवा, कारण पडद्यावरचा नेहमीचा पट्टा या ब्राउझरमध्ये दिसत नाही आणि विद्यार्थ्याला आपण कोणत्या भाषेत टंकतो आहोत हे कळत नाही.

एनीडेस्क, टीमव्ह्यूअर यांसारखी दूरस्थ जोडणीची सॉफ्टवेअर यंत्रांवरून काढूनच टाका. परीक्षा चालू असताना वीज जाऊन यंत्र अचानक बंद पडले, तर या ब्राउझरने बंद केलेल्या विंडोजच्या काही सोयी क्वचित बंदच राहतात. त्याच्यासोबत येणारे पूर्वस्थितीत आणण्याचे साधन चालवले की त्या परत येतात. प्रयोगशाळा सहायकाला ते आधीच दाखवून ठेवा.

८. रंगीत तालीम

प्रत्यक्ष परीक्षेच्या किमान एक आठवडा आधी, खऱ्या खोलीत, सर्व यंत्रांवर आणि खऱ्या विद्यार्थ्यांना बसवून तालीम घ्या. प्रश्न कोणतेही चालतील. सर्व्हरवर सर्वाधिक ताण पहिल्या दोन मिनिटांत येतो, कारण सगळे एकाच क्षणी लॉगिन करून "सुरू करा" दाबतात, आणि तो ताण तीन-चार यंत्रांवर कधीच कळत नाही. तालमीत मुद्दाम तीन गोष्टी कराव्यात: एका यंत्राची वीज काढून तोच विद्यार्थी दुसऱ्या यंत्रावर बसवणे, स्विचची केबल मिनिटभर उपसणे आणि सर्व्हर बंद करून राखीव सर्व्हरवर आदली प्रत उभी करणे. तिसऱ्या गोष्टीला किती वेळ लागला तो लिहून ठेवा. परीक्षा थांबली तर "किती वेळात सुरू होईल" या केंद्रप्रमुखांच्या प्रश्नाचे तेच प्रामाणिक उत्तर असते.

तारीख ठरवताना गुरुवार टाळा. पुण्यात महावितरणची देखभाल-दुरुस्तीची कामे बहुधा गुरुवारी निघतात. पालख्या शहरात मुक्कामी असतात ते दिवस आणि गणेशोत्सवाचे शेवटचे दिवसही मध्यवर्ती पेठांतील महाविद्यालयांनी टाळावेत. रस्ते बंद असल्याने निम्मी तुकडी उशिरा येते. यूपीएसबद्दल एकच सांगतो: सर्व्हर यूपीएसवर आणि स्विच भिंतीच्या प्लगवर, ही मांडणी मी इतक्या ठिकाणी पाहिली आहे की आता खोलीत शिरल्यावर पहिल्यांदा स्विचची वायर कुठे जाते ते पाहतो.

९. परीक्षेच्या दिवशी

परीक्षेच्या दोन तास आधी खोली उघडा, बाहेरची केबल दोन साक्षीदारांसमोर काढा आणि नोंदवहीत वेळ लिहा. त्यानंतर डेटाबेस आणि मूडलच्या फाइलींचा साठा या दोन्हींची प्रत पेन ड्राइव्हवर घ्या. केवळ डेटाबेस घेतला तर प्रश्नांतील चित्रे परत येत नाहीत. विद्यार्थ्यांचे मोबाइल आणि स्मार्ट घड्याळे दाराबाहेर ठेवून घेण्याची व्यवस्था असावी, कारण पडदा कितीही बंदिस्त केला तरी त्याचा फोटो निघू शकतो. ओळखपत्र पाहून आसन दाखवावे आणि लॉगिनची चिठ्ठी बसल्यावरच द्यावी.

लॉगिन दहा-दहांच्या गटाने करायला लावा. काही अडले तर पर्यवेक्षकाने स्वतः कळफलकाला हात लावू नये. त्याने यंत्राचा क्रमांक, वेळ आणि अडचण नोंदवहीत लिहावी आणि तांत्रिक सहायकाला बोलवावे. वाया गेलेली मिनिटे केंद्रप्रमुखांच्या सहीनेच वाढवून द्यावीत, आणि ती सही नोंदवहीत त्याच ओळीवर हवी.

१०. परीक्षेनंतर

शेवटचा विद्यार्थी उठल्यावर सर्व प्रयत्न जमा झाले आहेत का ते पाहा, हजेरीपत्रकाशी संख्या जुळवा आणि तत्काळ पुन्हा दोन्ही प्रती घ्या. प्रत्येक प्रतीची एसएचए-२५६ खूण (फाइलीवरून निघणारा आणि फाइल जराही बदलली तर बदलणारा अक्षर-अंकांचा संच) काढून ती छापील कागदावर, केंद्रप्रमुख आणि एक पर्यवेक्षक यांच्या सहीने, जपून ठेवा. पुढे कोणी गुणांबद्दल शंका घेतली तर प्रतीची खूण पुन्हा काढून कागदाशी ताडता येते, आणि परीक्षेच्या दिवशीची प्रत जशीच्या तशी आहे की नाही हे त्यातून ठरते. एक पेन ड्राइव्ह परीक्षा विभागाच्या तिजोरीत आणि दुसरी प्राचार्यांच्या कार्यालयात ठेवावी. दोन्ही एकाच कपाटात ठेवू नयेत.

गुण तक्त्यात उतरवून परीक्षा विभागाला देण्याआधी चुकीच्या प्रश्नांच्या तक्रारी घ्या. एखादा प्रश्न खरोखर चुकीचा निघाल्यास तो दुरुस्त करून मूडलमध्ये सर्वांचे पुनर्गुणांकन करता येते, आणि ते कोणाच्या आदेशाने केले ते लिहून ठेवावे. त्यानंतर तात्पुरती खाती बंद करा, बाहेर पडण्याचा पासवर्ड बदला, बायोसमध्ये बंद केलेले वाय-फाय परत चालू करा आणि बाहेरची केबल पुन्हा जोडून तीही वेळ नोंदवहीत लिहा, कारण दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच प्रयोगशाळेत कोणाचे तरी प्रात्यक्षिक असते.